हलका डोंगर

निगडधार वाडीच्या म्हशी ढगात चरायच्या. याला कोणी थाप म्हणेल तर म्हणो बापडा, पण त्या वर्षी कडा पुरुषभर वर सरकला होता आणि जानू झोऱ्याचं कुरण नेमकं ढगांच्या वाटेत आलं होतं. दुधात पाणी फार, अशी गिऱ्हाइकांनी कुरकुर केली की जानू आभाळाकडे बोट दाखवायचा. म्हैसच ढग खाते, त्याला मी काय करू?

सह्याद्री वाढत होता. आणि त्याला वाढवणारी बाई निगडधारेवरच, जानूच्या गोठ्यामागच्या पत्र्याच्या खोलीत राहायची. तिचं नाव डॉ. शलाका तळपदे. तिने शोधलेल्या पदार्थाला ती भूवंगण म्हणायची. गाडीच्या आसाला वंगण घालतात, तसं हे जमिनीच्या कवचाखाली, जिथे खडक तापून मऊ झालेला असतो तिथे, लांबलचक नळ्यांनी सोडायचं, म्हणजे वरची जमीन चटकन वरखाली होते.

पहिल्या दिवशी जानूने तिला गाठून विचारलं होतं, की तुमची यंत्रं दऱ्यांमधला दगड उपसून नेताहेत, मग डोंगर वाढतो कसा? उपसला तर तो कमी व्हायला हवा. बाईंनी चहाची कपबशी बाजूला ठेवली आणि त्याला खाडीतल्या होडीची आठवण दिली. टोपल्या उतरवल्या की होडी वर येते. जमीनही तशीच खालच्या मऊ खडकावर तरंगते. दऱ्या कोरून भार काढला की सगळा डोंगर उचलला जातो, आणि ज्या माथ्यांना कोणी हात लावलेला नसतो ते पहिल्यापेक्षा उंच होतात.

"हे माझं डोकं नाही, मामा," त्या म्हणाल्या. "पाऊस हेच करत आलाय. मी फक्त त्याची घाई केली."

मग त्यांनी जी कथा सांगितली, ती ऐकताना जानूचा चहा निवला. कोट्यवधी वर्षांपूर्वी पश्चिमेला समुद्र नव्हता, जमीनच होती. भाकरी तुटावी तशी ती तुटली आणि तिकडचा तुकडा तरंगत दूर निघून गेला. सह्याद्री म्हणजे इकडे राहिलेल्या तुकड्याची कड. पावसाने ती कड कुरतडत कुरतडत पूर्वेकडे मागे रेटली, त्या मोकळ्या झालेल्या पट्ट्यात कोकण झालं, आणि जितका दगड वाहून गेला तितकी कड हलकी होऊन उचलली गेली. झिजतो म्हणून उंच राहतो, असा हा डोंगर. एरवी ज्याला लाखो वर्षं लागतात, ते भूवंगणामुळे एका हंगामात होत होतं.

जानूने उठून कड्याला हात जोडले. एवढं सोसून हा माणूस ताठ उभा आहे, म्हणाला. डोंगराला तो माणूसच म्हणायचा.

हा सगळा खटाटोप उंचीच्या हौसेपायी नव्हता. समुद्र फुगला होता. कड्याखाली, खाडीच्या तोंडाशी खारवाडी होती आणि तिथे जानूची एकुलती एक लेक भागू दिली होती. भरतीला तिच्या चुलीपर्यंत पाणी यायचं. डोंगर उचलला की कोकणही उचलणार होतं, कारण जमीन ही सुंभाची बाज आहे. मधला माणूस उठला की त्याच्या शेजारी बसलेलाही आपसूक वर येतो. आणि तसंच झालं. कडा वर आला, खारवाडीही हातभर वर आली, भागूच्या अंगणात पुन्हा तुळस लागली. जानूने शलाकाबाईंना खरवसाचं भांडं नेऊन दिलं आणि त्या दिवशी म्हशीने ढग खाल्ले नव्हते असं शपथेवर सांगितलं.

वाढणारा डोंगर बघायला मग सगळा देश लोटला. भीमेकाठचे, गोदेकाठचे, पार वऱ्हाडातले लोक आले. चपला काढून कड्यावर उभे राहायचे. पायाखाली कातळ हळूच श्वास घेतल्यासारखा उचलला जाताना जाणवे. आता एवढं बघून रिकाम्या हाताने कसं परतायचं? रीत काय, असं त्यांनी जानूला विचारलं, आणि जानूने अभिमानाने सांगितली. निगडधारेची खिंड ओलांडणाऱ्याने वाघजाईपुढे एक दगड ठेवायचा. त्याच्या आज्यापणज्याने ठेवला होता. त्याची बायको नवरी होऊन आली तेव्हा तिनेही ठेवला होता, करवंदासारखा काळा आणि गुळगुळीत. ती गेल्यावर जानू येताजाता त्या दगडाला हात लावायचा.

ही रीत गावोगाव पोचली. लोक आपल्या नदीतला दगड घेऊन येऊ लागले. भक्ती मोठी तसा दगडही मोठा. एका तालुक्याने तर क्रेन लावून शिळा आणली आणि वर हारतुरे घातले. वाघजाईपुढची रास देवळाच्या कळसावर गेली, पुढे तिचीच टेकडी झाली.

आणि एका सकाळी भागूचा फोन आला. तुळशीच्या मुळाशी खारं पाणी लागलंय.

शलाकाबाईंनी भारकाटा दाखवला. डोंगरावर किती ओझं आहे ते सांगणारं हे यंत्र त्यांच्या खोलीत भिंतीवर होतं. खारवाडी कोरडी राहील त्या खुणेच्या खूप खाली काटा झुकला होता.

"कोणी दाबला?" जानूने विचारलं.

"प्रेमाने दाबला, मामा. वंगण घातलेली जमीन नाही म्हणत नाही. ठेवाल ते सोसते आणि तेवढी खचते."

वंगण काढून घ्या की, जानू म्हणाला. ते निघत नाही, घातलं ते घातलं, बाई म्हणाल्या. आता हा डोंगर कायम असाच राहणार, तराजूच्या पारड्यासारखा.

एकीकडे वाघजाईची रीत, एकीकडे लेकीचं अंगण. दोन दिवसांनी जानू खिंडीत जाऊन बसला आणि येणाऱ्याला सांगू लागला, की देवीने स्वप्नात रीत उलटी केलीय. येताना काही आणायचं नाही, जाताना एक दगड खाली न्यायचा आणि आपल्या नदीत सोडायचा. देवी स्वप्नात आली नव्हती. पण लोकांनी ऐकलं, कारण सांगणारा रडत होता.

रास उतरली. काटा वर चढला आणि खुणेच्या जरासा खाली अडला, कारण दरम्यान समुद्र आणखी फुगून खूणच वर सरकली होती. आता काय राहिलं? शलाकाबाईंनी खिडकीतून बाहेर बघितलं. घरं, गोठे, म्हशी. माणसं. जानूच म्हणाला, "म्हणजे आम्ही."

"मला हे आधी कळायला हवं होतं," त्या म्हणाल्या.

"तुमी हुशार हाय बाई. पर वजन आमालाच हाय न्हवं."

निगडधार रिकामी झाली. म्हशी आधी, मग छपरं, मग माणसं. मग शलाकाबाई यंत्रासकट उतरल्या. त्या दिवसापासून सह्याद्री होता त्याहून देखणा दिसतो. ढगांतून वर गेलेला, सोन्यासारखा, निर्मळ. लोक दुरून बघतात आणि हात जोडतात. त्यावर उभं राहायची कोणाला परवानगी नाही.

जानू सगळ्यांत शेवटी निघाला तेव्हा वाघजाईपुढे एकच दगड राहिला होता. काळा, गुळगुळीत. तो त्याने उचलला आणि छातीशी धरून सगळा घाट उतरला.

खारवाडीत भागूने बापाच्या पायांवर पाणी घातलं. अंगण कोरडं होतं. तिने हसून दाखवलं, पाणी दगडी बांधाच्याही मागे गेलं होतं.

"आबा, किती येळ धरून उभे राहाल? ठेवा तो दगड खाली."

जानूने अंगणाकडे बघितलं. शेजारच्या घराकडे बघितलं, तिथे एक पोरगी पायरीवर बसून मासे साफ करत होती. मग खाडीपलीकडच्या गावाकडे बघितलं. सगळी एकाच बाजेवर बसलेली.

"कुठं ठेवू, भागे?" तो म्हणाला.