तिकडचे आजोबा

विमानतळावर राहायचं असेल तर ट्रॉली कधी सोडायची नाही. ट्रॉलीवर एक मोठी बॅग, तिच्यावर एक छोटी, दांड्यावर कोट. एवढं असलं की माणूस प्रवासी दिसतो आणि प्रवाशाला कुणी काही विचारत नाही. दाढी रोजच्या रोज करायची. झोपायचं ते दुपारी. रात्री आडवा झालेला माणूस पहारेकऱ्याच्या नजरेत भरतो. दुपारी घोरणारा दिसला तर बिचाऱ्याचं विमान लांबलं असेल म्हणून लोक हळहळतात आणि आवाज न करता बाजूने जातात.

हे मला कुणी शिकवलं नाही. मी पाणीपुरवठा खात्यात मीटर तपासनीस होतो. लोकांच्या घरात न शिरता घरात काय चाललंय ते ओळखायची सवय मला नोकरीनेच लावली. काट्यावर दिसतं तेवढंच खरं, बाकी सगळ्या थापा, असं मी सगळ्यांना ऐकवत आलोय. त्यामुळे पुढे जे सांगणार आहे ते पाहिलं-ऐकलं तेवढंच सांगेन.

माझी जागा बंद पडलेल्या सरकत्या जिन्यामागे होती. तिथे हात नसलेल्या खुर्च्यांची एक रांग होती, खांबाला चार्जिंगची सोय होती, आणि वरून एसीचा झोत यायचा म्हणून दुसरं कुणी बसत नसे. स्वच्छतागृह जवळ होतं. तिथले नळ हात धरला की सुरू होत आणि साबण धुऊन व्हायच्या आत बंद पडत. ते बसवणाऱ्याला समोर उभं करून चार शब्द सुनवावेत असं मला रोज वाटायचं.

"काका, अजून नाही का आलं तुमचं विमान?" सफाईवाल्या बाई पोछा फिरवता फिरवता विचारायच्या.

"उशीर आहे."

"लईच उशीर आहे हो," त्या म्हणायच्या आणि पुढच्या खुर्चीकडे वळायच्या. त्यांना सगळं कळत होतं. त्या मला त्यातून सोडवत होत्या आणि मला त्याचीही लाज वाटायची.

मला निरोप द्यायला अख्खं गणगोत आलं होतं. ताई, म्हणजे माझी थोरली बहीण, तिचे यजमान, तिची मुलं, सुना, सगळे एका गाडीत कोंबून. मी भाड्याच्या खोल्या सोडल्या होत्या, कपाट ताईला दिलं होतं, कुकर शेजाऱ्यांना. बायको जाऊन काही वर्षं झाली होती, मागे राहण्यासारखं काही नव्हतं. आणि त्याआधी वर्षभर मी भेटेल त्याला सांगत सुटलो होतो, मुलाने परदेशी बोलावलंय, कायमचं. ज्यांच्या मुलांनी त्यांना बोलावलं नव्हतं त्यांना तर मुद्दाम गाठून सांगितलं होतं.

सामान द्यायच्या रांगेत माझा नंबर जवळ आला तेव्हा मुलाचा फोन आला.

"बाबा, कुठे आहात?"

"रांगेत. का रे?"

"येऊ नका. तिकीट मी रद्द केलंय. आमचं इथे बोलणं झालं. नाही जमणार, बाबा."

कारण विचारायला हवं होतं. मी "बरं" म्हणालो. काचेपलीकडे ताई रुमालाने डोळे पुसत हात हलवत होती. मीही हात हलवला, रांगेतून बाहेर पडलो आणि जिन्यामागे जाऊन बसलो. ते गेले की बाहेर पडू, असा विचार होता. ते गेले. बाहेर पडून कुठे जायचं हे मात्र सुचेना. ताईच्या दारात त्याच दोन बॅगा घेऊन उभं राहायचं, आणि काय सांगायचं? माझे कान असे तापले होते की वरच्या गार झोताने बरं वाटत होतं.

दुसऱ्या दिवशी ताईचा फोन आला. "पोचलास का रे बाळ्या?" या वयातही ती मला बाळ्याच म्हणते.

"पोचलो."

"आणि छोटी?"

छोटी म्हणजे माझी नात. "बिलगली," मी म्हणालो.

एक शब्द तोंडातून गेला, मग बाकीचे आपोआप आले. फोन इंटरनेटवरून लागायचा, त्यामुळे मी कुठून बोलतोय हे तिला कळायचं कारण नव्हतं. मी तिला माझी खोली सांगितली. वरच्या मजल्यावरची, एका खिडकीची. छोटीला कागदाच्या होड्या करून देतो म्हणालो. ती पाणी सांडते, पण मी काही बोलत नाही. ताई हसली. "तू आणि बोलत नाहीस!" स्वयंपाकघरातला नळ गळत होता, तोही दुरुस्त केला, अशी थाप मी ठोकून दिली. नुसतं वॉशर गेलं होतं.

खोटं बोलून झालं की मला भूक लागायची. त्यानंतर मी मुलाला फोन केला नाही, त्यानेही केला नाही.

पुढच्या वेळी ताईच म्हणाली, "सूनबाईशी बोलले. म्हणाली, बाबांनी नळ इतका छान बसवून दिला, रोजची कटकट गेली."

मग जरा डोकं चालवलं. त्यांनाही लाज वाटत असणार. बापाला विमानतळावरून परत पाठवलं हे कोण कुणाला सांगेल? ताईने नळाचं विचारलं असेल, सुनेने हो ला हो केलं असेल. दोन्ही बाजूंनी एकच थाप, म्हणून ती जुळली. मला बरं वाटलं. मुलाला माझी चाड आहे, निदान माझ्याबद्दल खोटं बोलण्याइतकी तरी, असं वाटून डोळे भरून आले.

मग मी मोकाट सुटलो. मागच्या अंगणातल्या झाडाला छोटीसाठी झोका बांधला असं सांगितलं. त्या घराला मागे अंगण आहे की नाही हेही मला माहीत नव्हतं.

दोन दिवसांनी ताईने एक फोटो पाठवला. सूनबाईने तिला पाठवलेला. झाड होतं. निळ्या दोराचा झोका होता. छोटी झोक्यावर मान मागे टाकून हसत होती, आणि फोटोच्या कडेला झोका धरणारा एक हात होता, मनगटापर्यंत.

मी फोटो मोठा करून पाहिला. अंगठ्याचं नख चपटं, मधोमध चिरलेलं. नोकरीत असताना मीटरच्या खड्ड्याचं लोखंडी झाकण माझ्या अंगठ्यावर पडलं होतं, तेव्हापासून माझं नख तसंच आहे.

ताईला लगेच फोन केला. "झोक्याचं तू त्यांना सांगितलंस?"

"मी कशाला सांगू? तूच बांधलास ना?"

"हो," मी म्हणालो. दुसरं काय म्हणणार?

त्यानंतर मी काहीही सांगताना जपून बोलू लागलो. अंगात कसर आहे, पडून आहे, एवढंच. आपण काही बोललो नाही तर तिकडे काही घडणार नाही, असा माझा साधा हिशेब होता. पाणी बंद केलं की मीटर थांबतो.

पण पुढच्याच फोनवर ताईचा आवाज भरून आला होता.

"बाळ्या, तू सुनेची माफी मागितलीस म्हणे. तिच्यासमोर रडलास. ती मला सांगताना रडत होती रे. आपल्या घरात कुठल्या पुरुषाने कधी कुणाची माफी मागितलीय?"

हे मी सांगितलं नव्हतं. हे माझ्या मनातही आलं नव्हतं. मी उभ्या जन्मात कुणाची माफी मागितलेली नाही, बायकोचीही नाही, ती जाताना मागायला हवी होती तरी. भीती वाटली नाही असं नाही, पण भीतीपेक्षा लाज जास्त वाटली. माझं राहून गेलेलं काम कुणीतरी परस्पर करून टाकलं होतं.

मी ताईला फोन करणं बंद केलं. तिचे आले तरी उचलले नाहीत.

एका दुपारी डोळा लागला होता. जाग आली तर सफाईवाल्या बाई पोछा हातात धरून थोड्या लांब उभ्या होत्या.

"काय झालं?" मी विचारलं.

"काही नाही. झोपेत गोष्ट सांगत होता तुम्ही. कोल्ह्याची."

"मला गोष्टी येत नाहीत."

"छान सांगत होता," त्या म्हणाल्या. "मध्येच थांबायचात. कुणी काही विचारल्यासारखं. मग पुढे सांगायचात." एवढं बोलून त्या माझ्या खुर्चीखालची फरशी न पुसताच निघून गेल्या.

त्याच संध्याकाळी ताईचा निरोप आला. "काल व्हिडिओवर किती निवांत बोललास. अंगाने भरलायस. असाच राहा."

काल मी कुणाशीही बोललो नव्हतो.

आता मात्र मला छोटीची काळजी वाटू लागली. तिच्याजवळ कोण बसतंय, तिला झोका कोण देतंय, रात्री तिच्या खोलीत कोण आहे? माझी अब्रू गेली खड्ड्यात. दुसऱ्या दिवशी दुपारी मी मुलाला फोन लावला. तिकडे तेव्हा रात्र असते.

"बाबा," तो हळू आवाजात म्हणाला.

"अरे, नीट ऐक. मी विमानतळावर आहे. त्या दिवसापासून इथेच आहे. मी कुठेही गेलेलो नाही."

पलीकडे दार हळूच लोटल्याचा आवाज आला.

"तुझ्या घरात जो कोण आहे तो मी नाही. आधी पोरीला त्याच्यापासून लांब—"

"हळू बोला. झोपलीय ती."

"मी काय म्हणतोय ते कळतंय का तुला?"

"कळतंय, बाबा. मला पहिल्या दिवसापासून माहीत आहे." त्याने श्वास घेतला. "तिकीट मीच रद्द केलं होतं ना."

"मग दार कशाला उघडलंस?"

"दोन बॅगा घेऊन उभे होते. पायरीवर. आत घ्या असंही म्हणाले नाहीत. दुसऱ्यांदा कसं परत पाठवू?"

मी ट्रॉलीवरच्या माझ्या दोन बॅगांकडे पाहिलं.

"ते ओरडत नाहीत, बाबा," मुलगा म्हणाला. "छोटी तुम्हाला फार घाबरायची. मागच्या खेपेला आम्ही आलो होतो, तेव्हा नळ उघडा राहिला म्हणून तुम्ही तिला केवढ्यांदा... घरी परतल्यावर ती कितीतरी दिवस नळाला हात लावत नव्हती. आता त्यांच्यासोबत होड्या सोडते. रोज."

माझ्या घशात एक सणसणीत शिवी आली होती. ती मी गिळली. गिळताना कळलं की आयुष्यात असं पहिल्यांदाच करतोय.

"आत्याला काही सांगू नका," तो म्हणाला. "तिलाही ते आवडतात."

मागून कुणीतरी काहीतरी बोललं. मुलगा म्हणाला, "घ्या."

खाकरल्याचा आवाज आला. अवघड काही बोलायचं असलं की मी असाच खाकरतो.

"हॅलो," तो म्हणाला. आवाज माझाच, पण खालच्या पट्टीतला. "रागावू नका. कधीचं एक सांगायचं होतं. सांगायला लाज वाटत होती."

मी फोन कानाशी घट्ट दाबला.

"तुम्ही दुपारी झोपता ना, तेव्हा पायांवर काहीतरी घेत जा. छोटी माझ्याजवळ झोपते. माझे पाय गार पडले की ती दचकून उठते."

फोन बंद झाला, अगदी हलक्या हाताने ठेवल्यासारखा.

मग उठून सफाईवाल्या बाईंना शोधलं आणि एखादी जुनी चादर मिळेल का विचारलं. विचारताना मान वर करवली नाही. त्यांनी काही न विचारता सामानाच्या खोलीतून एक करडी चादर आणून दिली.

बूट काढले. चादर पायांखालून घेऊन नीट खोचली आणि खुर्च्यांवर आडवा झालो. समोरून लोक ट्रॉल्या ढकलत चालले होते. मी डोळे मिटले.

थोड्या वेळाने चादरीच्या आत माझ्या पावलाला एक लहान, ऊबदार पाऊल येऊन टेकलं. मी पाय हलवला नाही.