अडवलेला प्रश्न

"साक्षीदार घरात नाही, बाई. कोपरा न् कोपरा पाहिला."

साक्षीदाराला लपवलेल्या घराच्या पहाऱ्यावरचा हवालदार बोलत होता. बाईंनी फोन ठेवला. उद्या निकाल, आणि आज साक्षीदार गायब! साक्षीदार संरक्षण कक्षाच्या त्या इन्स्पेक्टर. माणूस लपवणं हेच त्यांचं काम, आणि त्यात त्यांचा हात धरणारं कुणी नव्हतं.

खटला छापखान्याच्या मालकाच्या खुनाचा. दुकानं मिटायच्या वेळी, छापखान्याच्या दारातच कुणीतरी त्याच्या डोक्यात लोखंडी पाना घातला. निळा डगला, डोळ्यांवर ओढलेली टोपी. चेहरा दिसला नाही, पण मारणारा हात डावा होता, असं साक्षीदारानं ठामपणे सांगितलं. छापखान्यात डावखुरा एकच, मशीन चालवणारा. त्याला सगळे डावऱ्याच म्हणत. आदल्याच दिवशी तो मालकाशी कडाकडा भांडलेला. मग काय, आयताच सापडला.

पुढे साक्षीदाराला धमकीचा फोन आला आणि बाईंनी त्याला कोर्टात पडद्याआड बसवलं. नाव विचारायचं नाही, धंदा विचारायचा नाही, कुठून पाहिलं तेही विचारायचं नाही, असा अर्ज त्यांनी स्वतः केला. आरोपीचा वकील काकुळतीला आला होता. "साहेब, एवढंच विचारू द्या. तो उभा कुठे होता?" बाई सरकारी वकिलाच्या कानाशी लागल्या आणि प्रश्न तिथंच अडला. त्या दिवशी त्यांना स्वतःचा अभिमान वाटला होता.

आत्ता बाईंच्या कचेरीत, समोरच्या खुर्चीत मयताचा भागीदार बसला होता. निकाल जवळ आल्यापासून तो रोजच यायचा.

"काय झालं?"

"साक्षीदार सापडत नाही."

"डावऱ्याच्याच माणसांचं काम!" तो उसळला. मग आवाज उतरवून म्हणाला, "सापडला तर पुन्हा कोर्टात ओढू नका हो त्याला. रस्त्याकडे पाठ करून आपलं काम करत होता बिचारा. फुकटचा अडकला."

बाईंनी नुसती मान हलवली. त्यांचं लक्ष होतंच कुठे?

घाबरलेला माणूस घर गाठतो आणि कंटाळलेला माणूस काम. बाई हवालदाराला घेऊन थेट छापखान्यासमोरच्या त्याच्या केशकर्तनालयात गेल्या. शटर वर होतं. आत साक्षीदार आरशासमोर उभा राहून निवांत वस्तरा पुसत होता.

"या बाई, बसा," तो न वळताच म्हणाला.

"पळालात कशाला?"

"पळतोय कुठला? हात शिवशिवत होते. तुमच्या त्या घरात काय भिंतींची दाढी करू?"

बाई गिऱ्हाइकाच्या खुर्चीत टेकल्या. या दुकानात त्या पहिल्यांदाच येत होत्या. या माणसाला त्या नेहमी बंद खोल्यांतच भेटल्या होत्या.

"तुमचे हवालदार डावखुरे वाटतं?" तो गमतीनं म्हणाला.

बाईंनी मागे वळून पाहिलं. रस्त्यापलीकडे, छापखान्याच्या दाराशी थांबलेला हवालदार पाणी पीत होता. बाटली उजव्या हातात होती. त्यांनी पुन्हा आरशात पाहिलं. तिथं बाटली डाव्या हातात होती.

"त्या दिवशी तुम्ही कुठे होता?"

"इथंच. वस्तरे पुसत होतो."

"वळून पाहिलंत?"

"वळायचं कशाला? सगळं समोर दिसतं की."

"आरशात पाहिलं, हे आमच्या माणसांना का नाही सांगितलं?"

"कुणी विचारलं?" तो बावरला. "हयात गेली आरशात बघण्यात. आरसा मध्ये आहे, हे ध्यानातच राहत नाही..." बोलता बोलता त्याचा हात थांबला. "अरे देवा. बाई, मी कुणाला अडकवलं?"

"तुम्ही नाही," बाई म्हणाल्या. लाजेनं त्यांना मान वर करवेना. तो एक प्रश्न कोर्टात विचारला गेला असता तर खटला तिथंच उलटला असता. आणि मग त्यांना भागीदाराचं ते वाक्य आठवलं.

दुसऱ्या दिवशी निकालाऐवजी न्यायाधीशांच्या दालनात सगळे जमले. भागीदारालाही बोलावलं होतं. बाई उभ्या राहिल्या.

"साहेब, साक्षीदारानं आरशात पाहिलं. म्हणजे मारणारा हात उजवा होता. निळे डगले छापखान्यात खुंटीवर असतात, कुणीही चढवावा. पण साक्षीदाराची रस्त्याकडे पाठ होती, हे कालपर्यंत मलाही ठाऊक नव्हतं. ते दिसलं फक्त त्याला, जो समोरच्या दारात पाना घेऊन उभा होता." त्या भागीदाराकडे वळल्या. "तुम्हाला कुणी सांगितलं?"

"पेपरात... पेपरात आलं होतं."

"एक ओळही आलेली नाही."

भागीदारानं ओठांवरून जीभ फिरवली.

"मालक भागीदारी मोडणार होते. पाठमोरा माणूस काय बघणार, म्हणून तुम्ही निर्धास्त होता. मग जबाबात डावा हात आला आणि तुम्ही ओळखलं, यानं आरशात पाहिलं. साक्ष तुम्हाला हवीच होती, फक्त उलटतपासणी नको होती. म्हणून फोन केलात. साक्ष देऊ नको, असं नाही म्हणालात. कोण आहेस ते कळू दिलंस तर बघ, असं म्हणालात. पडदा तुम्हाला हवा होता. तो मी लावून दिला."

"मी त्याला मारायला गेलो नव्हतो," भागीदार पुटपुटला. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

"याच्यासाठीही वकील येईल," न्यायाधीश बाईंना म्हणाले. "तोही प्रश्न विचारील."

"विचारू दे, साहेब. साक्षीदाराचं नाव आणि घर मी जपेन. प्रश्न अडवणार नाही."

डावऱ्या सुटला तेव्हा तुरुंगाच्या दाराशी बाई त्याची वाट बघत होत्या. काय बोलायचं ते त्यांनी मनाशी घोकून ठेवलं होतं, पण तो समोर आल्यावर त्या सगळं विसरल्या.

"तुमच्या वकिलाचा प्रश्न मी अडवला," त्या कशाबशा म्हणाल्या. "मला लाज वाटते."

त्याला न्यायला आलेल्या बहिणीनं पाण्याचा पेला पुढे केला. त्यानं तो उजव्या हातात घेतला. पेला लटपटला आणि निम्मं पाणी सदऱ्यावर सांडलं.

"अरे, डाव्या हातानं घे की," बहीण म्हणाली.

"नको," डावऱ्या म्हणाला. डावा हात त्यानं खिशात घातला होता. "लोक बघतात."