अमिताच्या झाडांचं पाणी

पटलं तर घ्या, नाही तर सोडा. पण हे सौंसरात घडलंय, माझ्या मावसभावाच्या, अंकुरच्या घरी. यंदाच्या संक्रांतीला, भर दुपारी.

अंकुरने मोबाइलवरचा एक खेळ बनवला होता. संत्र्याचा बगीचा लावायचा अन् जपायचा. त्याची धाकटी बहीण अमिता रामाकोन्याच्या शेतात बसून तो खेळायची. शेतात नेटचा पत्ता नाही. घरी आली की मग तिचा बगीचा सर्व्हरवर चढायचा.

डिसेंबरात शेतातल्या मोटरीचा करंट लागून अमिता गेली. तिचा शेवटचा बगीचा फोनमध्येच अडकला.

पंचफुला मावशी, म्हणजे अंकुरची आई, नेट न जोडताच रोज तो उघडून बघायची. पण फोनची बॅटरी फुगली, स्क्रीन विझू लागली. पांढुर्ण्याच्या दुरुस्तीवाल्यानेही हात टेकले.

"बापू, पोरगी तं गेली. तिचा बगीचा तं वाचव," मावशी अंकुरला म्हणाली.

अंकुरने घरच्या नेटवर फोन जोडला. स्क्रीनवर आलं...

सर्व्हरवरचा बगीचा फोनमधल्यापेक्षा नवा आहे. कोणता ठेवायचा?

नवा कसा? फोन तर मावशीच्या उशाशी होता!

त्याने लॅपटॉपवर पाहिलं. फोनमधली झाडं ताणावर होती. बहर यावा म्हणून अमिताने पाणी तोडलेलं, पानं मलूल. अन् सर्व्हरवर...

माती ओली होती.

पाणी दिल्याची वेळ, आत्ताची. जागा, रामाकोना.

अंकुरचं डोकंच फिरलं. मेलेल्या पोरीच्या खात्यात कोण शिरलं? तेवढ्यात फोन लुकलुकला. विचार करायला सवडच नव्हती. त्याने फोनमधला बगीचा चढवला अन् सर्व्हरवरचा पुसला.

फोन कायमचा बंद पडला.

बगीचा वाचला म्हणून तो लॅपटॉप घेऊन मावशीला दाखवायला धावला. मावशीने मलूल पानं पाहिली.

"पाणी नाही दिलं? आज संक्रांत हाये ना रे? अमी दरसाल आजच पहिलं पाणी देऊन ताण सोडते."

अंकुरने पुन्हा स्क्रीनकडे पाहिलं.

खेळात निरोपाची एक पाटी आहे. तिच्यावर अक्षरं उमटली...

"दादा, मी पाणी देऊन राहिली होती. कोणं बंद केलं?"

त्यानंतर पाटी कोरीच आहे. अंकुर रडत रडत पाण्याचं बटण दाबतो. मीसुद्धा दाबून पाहिलं. इतरांचे बगीचे भिजतात, अमिताची माती कोरडीच राहते.

अन् मावशी रोज सकाळी विचारते, "घेतलं का रे झाडायनं पाणी?"

अंकुर पुन्हा बटण दाबतो.