बारा दिवसांचा विलंब

पायल गांगुर्डे नाशिकच्या शिक्षण कचेरीच्या कँटीनमध्ये खोटं बोलण्याची तालीम करत होती.

"साहेब, शेवटच्या दिवशी सर्व्हर बंद होता हो..."

"चालू होता," समोर पोहे खाणारा तरुण म्हणाला. "त्या दिवशी एकशे चार अर्ज आले."

"तुम्हाला काय माहीत?"

"मीच घेतले ना."

झालं! हा धम्मपाल पगारे. शिक्षक प्रशिक्षणाच्या अभ्यासक्रमांना मान्यता देणाऱ्या कक्षातला अधिकारी. उशिरा आलेला अर्ज सबळ कारण असेल तर घ्यायचा, नाहीतर परत पाठवायचा, हे त्याच्या हातात. आणि पायल नोकरी करत होती त्या सुरगाण्याच्या अध्यापक विद्यालयाचा अर्ज तब्बल बारा दिवस उशिरा आला होता. तो परत गेला असता तर चाळीस मुलींचं वर्ष पाण्यात, आणि त्यातल्या निम्म्या तोवर बोहल्यावर.

पुढच्या मंगळवारी तिने घाटातली दरड आणली.

"अर्ज ऑनलाइन होता ना, मॅडम? दरड त्याच्यावर पडली?"

त्याच्या पुढच्या मंगळवारी प्राचार्यांचं आजारपण आणायचं ठरलं होतं. पण धम्मपालने चष्मा काढून पुसला, तिला त्याचे डोळे दिसले आणि सगळी तालीम धुऊन गेली.

"खरं सांगू? हसाल तुम्ही."

"नाही हसत."

"आमचे प्राचार्य, सावळीराम सर... पितृपंधरवडा होता ना. म्हणाले, या दिवसांत शुभकार्य नाय. घटस्थापनेला बटण दाबू. मी लय समजावलं हो..."

धम्मपाल इतका हसला की शिपाई कुसाबाई चहा टाकून बघायला आल्या. मग पायलही हसली. महिनाभराचं ओझं एकदम हलकं झालं.

फाइलचा निर्णय अजून व्हायचा होता. त्यानंतर फोनवर होणाऱ्या कामांसाठीही ती जीपने अडीच तास हेलकावे खात नाशिकला येऊ लागली. का, ते सांगायला ज्योतिषी कशाला हवा!

आणि एका मंगळवारी तो खाली मान घालून म्हणाला, "तुमची फाइल मी सोडली. भालेराव मॅडम बघतील."

 त्याच्या वरिष्ठ भालेराव मॅडमनी अकरा वर्षांत एका दिवसाचाही उशीर माफ केला नव्हता.

"का पण?"

"मी आता निःपक्षपाती राहिलेलो नाही. तुम्ही येणार म्हणून... मंगळवारी इस्त्रीचा शर्ट घालतो. अशा माणसाने तुमच्या फाइलवर सही करू नये."

"हे फाइलवर लिहिलंत?"

"इस्त्रीचं नाही लिहिलं."

त्याला रागवावं की त्याचा हात धरावा, तिला कळेना. तेवढ्यात आतून बोलावणं आलं.

"पगारेंचा तुमच्याकडे ओढा आहे म्हणे," भालेराव मॅडमनी कागद पुढे सरकवला. "एकतर्फी असेल तर त्यांचं त्यांनी आवरावं, फाइल त्यांच्याकडेच जाईल. तुमचंही तसंच असेल तर मी बघेन. लिहून द्या. हो की नाही?"

'नाही' लिहिलं की फाइल धम्मपालकडे, म्हणजे मान्यता जवळजवळ पदरात. चाळीस मुलींसाठी ती सर्व्हरचं, दरडीचं, सगळं खोटं बोलली होती. हे तर नुसतं एका शब्दाचं खोटं. पण तेवढं मात्र तिच्याच्याने लिहवेना. तो तिला आवडत होता, फार आवडत होता.

तिने 'हो' लिहिलं आणि रडवेली होऊन पितृपंधरवड्याचंही सांगून टाकलं.

मॅडमनी फाइल उघडली. "इमारत, शिक्षक, शुल्क, सगळं मुदतीच्या आत?"

"हो मॅडम. बटणच तेवढं राहिलं होतं."

"अकरा वर्षं मी नुसतं 'सर्व्हर बंद' ऐकतेय. खरं कारण घेऊन आलेल्या तुम्ही पहिल्याच." मॅडमनी पेन उचललं. "मुलींचा यात काय दोष? जा, विलंब माफ."

धम्मपाल जिन्यात उभा होता, चेहरा पांढराफटक.

"झालं काम!" ती म्हणाली.

"आणि... मॅडमनी आणखी काही विचारलं?"

"विचारलं. मी हो लिहिलं."

तो पायरीवरच बसला. ती त्याच्या शेजारी बसली, अगदी खांद्याला खांदा लागेल अशी.

"जीप किती वाजता?" त्याने विचारलं.

"साडेपाचला."

त्याने घड्याळ पाहिलं. दोन वाजले होते. आणि त्या काटेकोर अधिकाऱ्याने नोकरीत पहिल्यांदाच अर्ध्या दिवसाची रजा टाकली.