पुलावरचा बिननावाचा

हसायचं असेल तर खुशाल हसा. माझा नवराही आधी हसला होता. आता तो त्या खोलीत पाऊल टाकायला तयार नाही.

हे डोंगरमाथ्यावरच्या एल आल्तो शहरात, माझ्या आईच्या घरात घडलं. गेल्या वर्षी, एक नोव्हेंबरला. यातला एक शब्दही मी पदरचा घातलेला नाही.

आणि घडलं ते भर दुपारी. आमच्याकडे मेलेली माणसं रात्री येत नाहीत. एक तारखेला दुपारी बाराला येतात आणि दुसऱ्या दिवशी बाराला त्यांना निरोप द्यायचा असतो. मधला दिवस ती घरची पाहुणी.

गेल्या वर्षी आमचा पाहुणा होता लिंबर. माझा धाकटा भाऊ. मार्चमध्ये युंगासच्या घाटात त्याची मिनीबस दरीत गेली.

त्यानंतर आई त्या एका दिवसासाठीच जगत होती. पोरगं येईल, घरचं खाईल, एवढंच तिच्या तोंडी.

अडचण होती फोटोची. टेबलावर फोटो ठेवावाच लागतो, त्यावरून आत्मा आपलं घर ओळखतो. लहानपणी उकळतं तेल उडून लिंबरचा अर्धा गाल भाजला होता. तेव्हापासून कुणी फोन वर केला की हा तोंड फिरवायचा. ओळखपत्रावरचा फोटो तेवढा होता.

"तो नको," आई म्हणाली. "त्यात माझं पोर कैद्यासारखं दिसतं."

मग मला त्याचा कॉम्प्युटर आठवला.

लिंबर एक गेम खेळायचा. बर्फातलं गाव, कुठकुठल्या देशांतले लोक त्यात हिंडायचे. प्रत्येकाच्या डोक्यावर हिरव्या अक्षरांत नाव. आपलं पात्र त्याने स्वतः घडवलं होतं. त्याचेच डोळे, त्याचेच केस, तेच चपटं नाक. फक्त गालावर डाग नव्हता. गेम बंद करायच्या आधी तो त्या पात्राला लाकडी पुलावर समोर तोंड करून उभं करायचा आणि स्क्रीनशॉट घ्यायचा. रोज. मी चिडवायचे, "काय रे, मुलींना दाखवायला पाठवतोस काय हे?"

त्यातलाच एक मी निवडला. छापून आणला. आई तो छातीशी धरून ढसाढसा रडली.

"हाच माझा लिंबर. देवाने दिला होता ना, तसा."

एक गोष्ट नीट सांगून ठेवते. मी निवडला तेव्हा त्या चित्रात तो एकटा होता.

अगदी एकटा.

एक तारखेला सकाळीच टेबल मांडलं. काळं कापड, ऊस, माणसाच्या आकाराचे पाव, वरून उतरायला पावाचीच शिडी. कपात जांभळ्या मक्याचं गरम पेय, आपी, त्याला आवडायचं म्हणून. मधोमध चित्र आणि त्याच्यापुढे एक मेणबत्ती. आतल्या खोलीतल्या लिंबरच्या कॉम्प्युटरवर मी काळं कापड टाकलं. त्याची वायरही मीच काढली.

बारा वाजता प्रार्थना म्हणायला शेजारच्या हुस्तिनाकाकू आल्या. गल्लीतल्या सगळ्या मेलेल्यांना त्याच बोलावतात. कोकाची पानं गालात सारून त्यांनी चित्राकडे पाहिलं.

"लिंबर... आणि दुसऱ्याचं नाव काय?"

"दुसरा कोण काकू?" मी हसून म्हटलं. "चष्मा विसरलात वाटतं."

त्यांनी बोट ठेवलं.

मी वाकले...

पुलाच्या दुसऱ्या टोकाला कुणीतरी उभं होतं. आमच्याकडे पाठ करून.

त्याच्या डोक्यावर नाव नव्हतं.

छापताना काहीतरी गडबड झाली असेल, अशी मी स्वतःची समजूत घातली. पण आई लगेच उठली. तिने दुसरा कप आणला, दुसरी मेणबत्ती लावली.

"अगं एउसेबिया, काय करतेस?" हुस्तिनाकाकू ओरडल्या. "नाव नसलेल्याला बोलावतात होय? उद्या घालवशील कसा?"

"असेल कुणी बिचारा, घरदार नसलेला. माझ्या पोराबरोबर आलाय. एकाला वाढू आणि दुसऱ्याला उपाशी ठेवू?"

आई अशीच आहे. दारात आलेल्या कुत्र्यालाही ती वाटी देते.

काकूंनी प्रार्थना म्हटली. लिंबरचं नाव घेतलं, दुसऱ्यासाठी नुसतंच थांबल्या.

त्या थांबल्या तेव्हा... बाहेरचा सगळा आवाजही थांबला. गल्लीतला बँड, मिनीबसवाल्यांची ओरड, कुत्री. काहीच नाही.

मग सगळं पूर्ववत सुरू झालं.

उन्हं कलताना आम्ही टेबलाभोवती पत्ते खेळत बसलो होतो. पाहुण्याला एकटं सोडायचं नसतं. नवरा हरत होता, सगळे त्याची खेचत होते. तेवढ्यात आतल्या खोलीतून...

खच्च.

मी तो आवाज हजारदा ऐकलाय. गेममध्ये स्क्रीनशॉट घेतला की तोच येतो.

नवरा हसत उठला. "मेहुण्याला चैन पडत नाही बघ!" आत गेला.

बाहेर आला तेव्हा तोंडावर रंग नव्हता.

मी गेले. कापड खाली पडलं होतं. पडदा सुरू होता.

वायर जमिनीवर तशीच होती.

पडद्यावर पूल होता. लिंबर समोर तोंड करून उभा. आणि मागचा तो... आता पुलाच्या मध्यावर आला होता. पाठ थोडी वळली होती. गालाची कड दिसत होती, पण त्या बाजूला काहीच नव्हतं. डोळा नाही, कान नाही, नुसती सपाट कातडी.

मी ती फाइल पुसली. आईला सांगितलं नाही. तिचा एकच दिवस होता, तो मला नासवायचा नव्हता.

दुसऱ्या दिवशी बाराला सगळे जमले. हुस्तिनाकाकूंनी हात जोडले. "लिंबर, बाळा, पोटभर जेवलास. आता सुखाने जा."

लिंबरची मेणबत्ती विझली. धूर सरळ वर गेला. आई रडली, पण ते रडणं शांत होतं. मलाही वाटलं, आला होता आपला लिंबर. खरंच आला होता.

दुसरी मेणबत्ती जळत होती.

"आता याला काय म्हणून हाक मारू?" काकू पुटपुटल्या. मग मोठ्याने म्हणाल्या, "जो कोणी असशील तो, जा!"

दार सताड उघडं होतं. वारा इतका की टेबलाचं कापड फडफडत होतं. पण ती ज्योत... हललीसुद्धा नाही.

काकूंनी शाल गोळा केली आणि निघून गेल्या. पाव न घेता. आमच्याकडे त्या दिवशी कुणीही पाव घेतल्याशिवाय जात नाही.

"जाऊ दे तिला," आई म्हणाली. "लिंबर थांबलाय. पाय निघत नाहीये त्याचा."

"आई, लिंबर गेला. आत्ताच गेला तो."

"मग हा कप कुणी संपवला?"

दुसरा कप कोरडा ठणठणीत होता. तळाला थेंबही नव्हता. लिंबरचा मात्र भरलेला होता, वर साय धरली होती.

त्यानंतर आई दोघांचा स्वयंपाक करू लागली. शेजारी सांगायचे, ती त्या खोलीत बसून तासन्‌तास बोलते. मी रोज जाऊन विनवायचे, माझ्याकडे चल. ती म्हणायची, "पोराला एकटं टाकून येऊ होय?" ती दिवसेंदिवस वाळत चालली होती. मला भाऊ गमावून वर्षही झालं नव्हतं. आता आई जाणार या भीतीने मी घास गिळू शकत नव्हते.

शेवटी भांडून, रडून, अक्षरशः उचलून मी तिला माझ्या घरी आणलं. कॉम्प्युटर ओरूरोला माझ्या मावसभावाकडे पाठवून दिला. रोलीला म्हटलं, सगळं पुसून टाक आणि वापर.

मला वाटलं होतं, आई आकांत करेल. ती फक्त म्हणाली, "ने की. आता त्याला ते लागत नाही."

महिन्याभराने एका दुपारी रोलीचा फोन आला. आई माझ्यासमोर बसून सूप पीत होती.

"ताई, सगळं पुसलं, पण एक चित्र जाईचना. तुला पाठवलंय. गेममध्ये मावशीला कुणी घातलं गं?"

मी चित्र उघडलं...

तोच पूल. लिंबर नव्हता. पाठमोरी दोन माणसं दूर बर्फात चालली होती. एक तो. आणि त्याचा हात धरून एक बाई. दोन वेण्या, घेरदार परकर, गोल टोपी. माझ्या आईची टोपी.

तिच्या डोक्यावर हिरव्या अक्षरांत नाव होतं. एउसेबिया.

मी फोन पालथा ठेवला. आई समोरच होती. जिवंत, धडधाकट, चमच्याने बटाटा फोडत.

"काय झालं गं मारलेनी?"

"काही नाही आई."

तिने चमचा ठेवला आणि टेबलाखाली पाय एकमेकांवर घासले.

"लोकरीचे मोजे आहेत का तुझ्याकडे? फार चालावं लागतं गं. बर्फात पाय बधिर होतात."

आमच्या गल्लीत त्या वर्षी बर्फ पडला नव्हता.

आई अजून माझ्याकडेच आहे. रोज झोपताना मी तिचे पाय मांडीवर घेते, गरम पाण्याच्या बाटलीने शेकते, चोळते, रडते. ती माझ्या केसांवरून हात फिरवते. हात उबदार असतो.

पाय अजून एकदाही गरम झालेले नाहीत.