खालच्या वस्तीची तार

आजोबांच्या बॅटरीचे सेल संपले होते आणि गावातली वीज गेली होती. "अंधारात मला झोप येत नाही. जा, सेल घेऊन ये," म्हातारा खेकसला. निघताना दाराला आतून लटकवलेल्या त्याच्या जुन्या कोटात माझा पाय अडकला. दाराला कमरेइतक्या उंचीवर खिळा कोण ठोकतं? कोट कायम जमिनीवर लोळत असतो. मी तो उचलून नीट लावायला गेलो तर म्हाताऱ्याने काठी उगारली.

"हात लावू नकोस त्याला!"

वय ऐंशी. चहाचा कप धरताना हात थरथरतो, काठी उगारताना नाही.

सेल मिळाले. परत येताना पंपघराच्या पायऱ्यांवर पोरं बसलेली दिसली आणि मध्ये पंपमामा. नदीचं पाणी गावाच्या टाकीत चढवण्यात या माणसाचं आयुष्य गेलं. वीज गेली की त्याचा पंप बंद आणि तोंड चालू.

"बस रे अर्धवट," तो म्हणाला. "शाळा अर्धी सोडलीस, गोष्ट तरी पुरी ऐक."

"भुताची असेल तर मी चाललो."

"माझ्या साडूची आहे. खरी."

त्याचा साडू म्हणजे वेल्डर. त्याच्या उजव्या हाताला तीन बोटं नाहीत. यंत्रात गेली, असं सगळे सांगतात.

"यंत्रात नाही गेली," पंपमामा म्हणाला. मी बसलो.

आमचं गाव नदीच्या वळणात आहे. विळ्याच्या पोटात मूठभर गवत धरावं, तसं. आमचा काठ उंच, त्याला दगडी बांध. समोरचा सखल. पन्नास वर्षांपूर्वी समोर खालची वस्ती होती, वीटभट्टीवाल्यांची. आमचं एकूण एक घर त्यांच्या विटांचं. दोन्ही काठांवर लोखंडी खांब, खांबांमधून जाड तार, आणि तार धरून ओढायचा तराफा. येणंजाणं तेवढंच. आज समोर नुसती वाळू आहे. चौकातल्या फलकावर लिहिलंय, 'महापुरात नदीने पात्र बदलले व खालची वस्ती वाहून गेली.' शाळेत हे वाक्य आमच्याकडून घोकून घेतलं. नदीने केलं. आमच्या गावात जे काही वाईट होतं ते नदीच करते. म्हातारे फक्त फलक लिहितात.

हा फलक हेडमास्तरांनी लिहिला होता. पंपमामा आणि वेल्डर, दोघांचे सासरे. दोघंही जावई त्यांना 'सर'च म्हणायचे.

गेल्या सप्टेंबरातला शेवटचा मंगळवार. दुसऱ्या दिवशी सकाळी नव्या पुलाचं उद्घाटन होतं. पूर नुकताच ओसरला होता आणि ती जुनी तार वाळूतून उघडी पडली होती. जेवणं झाल्यावर सरांनी वेल्डरला बोलावलं.

"तार आज रात्रीच कापून टाक."

"उजाडल्यावर कापतो की, सर."

"उजाडल्यावर पाहुणे येतील. नसत्या चौकशा होतील. चल, उजेड मी धरतो."

"आमचा सासरा असा," पंपमामा म्हणाला. "जावयाला चहा नाही विचारणार, काम सांगणार."

पोरं हसली.

दोघं बांधावर गेले. वेल्डरने गॅसचा सिलिंडर ढकलगाडीवरून नेला, सरांनी बॅटरी आणि कुऱ्हाड. खांबाभोवती झुडपं माजली होती, ती सरांनी स्वतः तोडली. या वयात सपासप. वेल्डर बघत राहिला. झुडपं हटली तसा तारेखालचा दगड दिसला. दगडावर घाव होते. खोल, शेजारी शेजारी, एकावर एक.

"कुऱ्हाडीचे दिसतात," वेल्डर म्हणाला. "कुऱ्हाडीने तार नाही तुटत, सर."

"नाही तुटत. बघितलं होतं आम्ही."

"मग घाव कशावर घातले?"

सरांनी बॅटरीचा उजेड तारेवर वळवला.

वेल्डरने ज्योत पेटवली. निळी झाली. तारेला लावणार...

तार ताणली गेली.

आधी थोडीशी. मग खांब करकरला. ढिली पडलेली, वाळूत लोळणारी तार पाण्यावर सरळ ताठ झाली. समोरचा खांब तर कधीच वाहून गेला होता. पलीकडे तिला धरून ठेवायला काहीच नव्हतं.

"कोणीतरी ओढतंय," वेल्डर म्हणाला.

"काप!"

"सर, कोणीतरी..."

"काप म्हणतो ना! खांब उपटला की बांध जाईल! तेव्हाही हेच... सगळी एकदम लटकली होती तारेला! बायका, पोरं, सगळी! खांब हलत होता. आम्ही काय करायचं होतं? गाव बुडू द्यायचं?"

वेल्डरच्या हातातली ज्योत तशीच फुसफुसत होती. आता त्याला कळलं. तार तुटत नव्हती. म्हणून...

त्याने पाण्याकडे पाहिलं.

तारेवर हात होते.

हातामागे हात. एक सरकला की दुसरा सरके. डोकी नाहीत, आवाज नाही. नुसते हात, काठाकडे येणारे. सगळ्यात पुढे एक लहान हात. तो दगडापाशी पोचला. चाचपडला. त्याने घावांवर बोटं टेकली.

पंपमामा थांबला. नदीचा आवाज येत होता.

"माझा साडू काही शूर नाही," तो म्हणाला. "पाल दिसली तर स्टुलावर चढतो. पण त्याने ज्योत विझवली. हातमोजा काढला. आणि तो हात धरला. म्हणाला, थांब बाळा, ओढतो वर..."

"मग?"

"हाताला वजन होतं, म्हणाला. पोराइतकंच वजन."

मग कुऱ्हाड आली.

मागून. सरांची. सवयीची.

एकच घाव. वेल्डरची तीन बोटं दगडावर पडली. बाजूला आणखी चार पडली. इवलीशी.

वेल्डर किंचाळला. पण सोडलं नाही. डाव्या हाताने मनगट धरलं आणि ओढलं. सगळा जोर लावून. वर.

मग त्याच्या पाठीवरून पावलं गेली. ओली. अनवाणी. एक. दुसरं. मग मोजण्यापलीकडे. तोंड दगडावर दाबलेलं. मागे सर ओरडले. पुन्हा ओरडले. तिसरी किंकाळी मध्येच...

पंपमामाने हाताने हवेत काहीतरी तोडल्यासारखं केलं.

पहाटे वेल्डर सापडला. कुऱ्हाड दगडात दांड्यापर्यंत रुतलेली. सर नाहीत. पाय घसरून नदीत गेले, असं ठरलं. पुन्हा नदीनेच केलं. पुलाला आता त्यांचं नाव आहे.

"आणि बांधावरून गावात पावलं आली होती," पंपमामा म्हणाला. "चिखलाची. गल्लीगल्लीतून. एकेका उंबरठ्यापाशी जाऊन थांबलेली. परत गेलेलं एकही नाही. उद्घाटनाच्या आत म्हाताऱ्यांनी धुऊन काढली सगळी."

"कोणाकोणाचे उंबरठे?" एका पोराने विचारलं.

पंपमामाने माझ्याकडे पाहिलं. मग नदीकडे.

"मी बाहेरचा माणूस. लग्नानंतर आलो इथे."

मी उठलो. मला ती सकाळ आठवली. खरवडण्याच्या आवाजाने जाग आली होती. स्वतःचं ताट कधी न उचलणारा आमचा म्हातारा गुडघ्यांवर बसून उंबरठा घासत होता. "उद्घाटन पुलाचं आहे की आपल्या उंबरठ्याचं?" असं म्हणून मी हसलोही होतो. त्याच दुपारी त्याने दाराला तो खिळा ठोकला.

घरी अजून अंधारच होता.

"आणलेस?" खाटेवरून आवाज.

मी सेल घातले. बॅटरी लावली. दार आतून लावून घेतलं.

"आजोबा, महापुराच्या रात्री बांधावर तुम्ही होतात?"

त्याने चादर अंगावर ओढून घेतली.

"कुऱ्हाड कोणाच्या हातात होती?"

मला वाटलं, झोपला. मग...

"पाळीपाळीने."

एवढंच. आणि त्याने भिंतीकडे तोंड केलं.

मी कोट उचलला. काठी उगारली गेली नाही.

दाराच्या आतल्या बाजूला, माझ्या कमरेइतक्या उंचीवर, चिखलाचा ठसा होता. लहान तळवा. बाजूला अंगठा. बोटं नाहीत.

मी त्याला हात लावला.

चिखल ओला होता.