आईचा रकाना

नवरोजच्या आठवड्यात मी गाव मोजते. बावीस वर्षं झाली. कलाते-तूतचा दवाखाना म्हणजे एक खोली, औषधांचा फ्रिज आणि मी, त्यामुळे जन्म, मृत्यू, आले-गेले सगळं माझ्याच वहीत. पहिल्या वर्षी मोजायला तीन दिवस लागले होते. यंदा प्रत्येक घरी चहा पिऊनही दुपारच्या आत संपलं. माणसं एकोणीस.

विसाच्या खाली गेलं की दवाखान्याला कुलूप, असा वरचा हुकूम होता. बाकीच्यांचं कसंही निभलं असतं, पण गौहरखालाचं इन्सुलिन माझ्या फ्रिजमध्ये. वय ऐंशी, डोळे अधू, शहर साठ किलोमीटर लांब. महिनाभरात आटोपली असती. मी खोटं लिहिणारी बाई नाही, पण त्या दिवशी लिहिलं. गल्लीपलीकडचा सफदर आठ वर्षांपूर्वी घर बंद करून गेला. वहीतल्या त्याच्या घरात मी एक मुलगी जन्माला घातली. नाव माहरुख. हे नाव मी माझ्या लेकीसाठी ठेवलं होतं. ती काही आली नाही, आणि आता मी एक्कावन्न वर्षांची आहे.

एकच माणूस कमी होतं, म्हणून एकच लिहिलं.

तुती पिकल्या तेव्हा माहरुखची दोन महिन्यांची लस आली. मी ती मोरीत ओतली आणि कार्डावर ‘दिली’ असं लिहिलं.

संध्याकाळी खाला इंजेक्शनला आली. “सुई टोचून मोकळी झालीस होय गं, तूबा? दुपारपासून किरकिरतेय पोर.”

“कुठली पोर?”

“सफदरकडची. म्हातारी मी आणि बहिरी तू.”

“साखर वाढलीय तुझी, खाला.”

“वाढू दे. तिच्या कपाळावर ओलं फडकं ठेव आधी.”

खालाला घरी पोचवून मी सफदरच्या दाराशी गेले. कुलूप गंजलेलं, कडीवर कोळ्याचं अखंड जाळं. उंबऱ्यावर पडलेल्या तुती कुणी तुडवल्या नव्हत्या. जीव भांड्यात पडला. वळणार एवढ्यात दाराच्या फटीतून वास आला. तापलेल्या तान्ह्या डोक्याचा, आंबूस, कोमट. हा वास ओळखण्यात मी चुकत नाही.

मग ती रडली.

त्यानंतर रोज दुपारी रडायची. गल्लीत तुतींचा गोड वास आणि त्यात तो बारीक आवाज. कधीकधी मी ऐकता ऐकता डोलायला लागायची.

एकदा खाला चहा पिता पिता थांबली. “त्या घरात बाईमाणूस दिसत नाही गं.”

“बंद घर आहे ते.”

“म्हणजे पोर एकटीच?” खडीसाखर तिच्या बोटांतच राहिली. “जन्माला घालून असं टाकून दिलं कुणी?”

मला लाज वाटली. खरंच वाटली.

मी वही काढली. नाव खोडलं असतं तर गाव पुन्हा एकोणीस. समोर खाला बाही वर करून बसली होती. पलीकडे रडणं चालूच होतं. माहरुखच्या नावापुढे आईचा रकाना कोरा होता.

मी माझं नाव लिहिलं.

रडणं अर्ध्या श्वासात थांबलं.

हात धुऊन मी सुई भरली. खालाने तिच्या अधू डोळ्यांनी माझ्याकडे जवळून पाहिलं आणि बाही खाली केली.

“माझं थांबेल,” ती म्हणाली. “तू आधी जाऊन ये. झगा छातीशी दोन्हीकडे भिजलाय तुझा.”